वैतीचा दाखला

वैती आला बुधवारी, दुपारच्या दोनला,
स्टँडखालच्या माझ्या खोलीत,
जिथे फाटकी नेटं, चुन्याची पोती आणि मी
पस्तीस वर्षं एकमेकांच्या अंगावर धूळ झाडतो.
म्हणाला, दाखला पाहिजे.
कारखाना विचारतोय काय खेळलास, किती खेळलास.
शेवटचं प्रमोशन आहे, मग रिटायर.

हरेश्वर धर्मा वैती. ट्रॉम्बे कोळीवाडा.
खत कारखाना, तिसरा डिव्हिजन, स्टॉपर.
एकोणीस मोसम.
त्यातला एक दुसऱ्या डिव्हिजनमधला,
तेव्हा त्यांना गोलकी बरा मिळाला होता.

वह्या काढल्या. लाल कापडी बांधणी,
रकाने मीच आखलेले: तारीख, संघ, निकाल,
गोल कुणाचा, कितव्या मिनिटाला.
स्टॉपरसाठी रकाना
कधी कुणी मागितला नाही, मी आखला नाही.

सापडत गेला तो असा:
पिवळं कार्ड. पिवळं कार्ड.
लाल, पोस्टाच्या संघाविरुद्ध
("तो हात लावायच्या आधीच पडला, देवाशपथ").
पिवळं कार्ड.
आणि गोलांच्या रकान्यात एकदा, फक्त एकदा:
वैती, ८८ वं मिनिट, स्वतःच्याच जाळ्यात.
"हे नको लिहू."
म्हटलं, अरे, एवढाच गोल आहे तुझा.
हसला. पुढच्या दोन दातांच्या जागी
नायगावच्या मैदानातलं कुणाचं तरी कोपर अजून दिसतं.

दुसऱ्या डिव्हिजनचा मोसम शोधला.
त्या वर्षाची वही उघडली तर
आत वाळवीची गल्लीबोळं, मातीचे बारीक कठडे,
एक नाव शाबूत नाही.
वैतीने बोट फिरवलं त्या भुशावरून,
शर्टाला पुसलं, आणि म्हणाला,
"त्या वर्षी गुडघा गेला होता. आई खाडीतून
निवट्या आणायची, कालवण करायची
आणि वाटी संपेस्तोवर समोर बसून राहायची.
एक मॅच नाही चुकवली."
मी काय बोलणार. वाळवीनेही चुकवली नव्हती.

मग एका पानाशी तोच थांबला.
कस्टमविरुद्ध. त्यांचा तो कुरळ्या केसांचा पोरगा,
पुढे कोलकात्याला गेला, पेपरात फोटो आला.
त्या दुपारी मी लाइनला झेंडा घेऊन होतो.
नव्वद मिनिटं तो पोरगा ज्या बाजूला वळला
तिथे वैती आधीच उभा,
बिऱ्हाडकरूसारखा, ट्रंक-वळकटीसकट.
शेवटी पोरगा रडकुंडीला येऊन म्हणाला,
काका, जरा तिकडे पण जा ना.
पानावर माझंच अक्षर: ०–०.
शेरा: काही नाही.

"हे दाखवता येईल?" त्याने विचारलं.
साहेब लोक वाचतील काय यातून?
तरी मोजायला बसलो दोघं, चहा गार होईपर्यंत,
कारखान्याने एकही गोल न खाल्लेली पानं.
एकशे सात भरली. तो म्हणत होता एकशे नऊ,
दोन वाळवीकडे असतील.

दाखल्यात "कामगिरी" पुढे टिंबं होती.
पेन बराच वेळ तिथेच.
शेवटी लिहिलं: सदर खेळाडू मैदानात असता
चेंडू बहुधा त्याच्यापुढे गेला नाही.
शाईचा पॅड कोरडा, फुंकर घातली, थुंकी लावली,
शिक्का अर्धा उमटला.
दहा रुपये. पावती त्याने मागून घेतली.

बाहेर शाळेची पोरं सराव करत होती.
चेंडू टप्पे खात त्याच्याकडे आला, अगदी सावकाश.
आसपास चिटपाखरू नव्हतं,
पोरं हात पसरून म्हणत होती, अंकल, इकडे, पास.
वैतीने दाखला दातांत धरला
आणि कुंपणावरून, फुटपाथवरून
चेंडू थेट रस्त्यापलीकडे मारला.

पोरांनी शिव्या घातल्या.
तो मान खाली घालून गेटबाहेर निघाला,
डावा गुडघा जरा बाहेर टाकत,
कागद तसाच दातांत,
चेंडू आणायला.